पोटात राहिलेली पट्टी

मंगळवार, दुपार. रेकॉर्ड रूममध्ये मी, बिलिंगच्या शिंदेबाई आणि फाइलची प्रत न्यायला आलेली पेशंट सविता. गेल्या आठवड्यात तिच्या पोटातून गॉजची पट्टी काढली, आधीच्या ऑपरेशनमध्ये आत राहून गेलेली. तिला मात्र डॉक्टरांनी ‘गाठ’ असंच सांगितलंय.

“ताई, खरंच गाठ होती ना? सासूबाई म्हणतात, काम टाळायला नाटकं करते.”

माझं काम फाइल वाचून विम्यासाठी प्रत्येक आजाराचा ठरलेला कोड टाकायचं; अशा आत राहिलेल्या वस्तूंनाही कोड असतात. कुठल्या उपचारात राहिली, त्याप्रमाणे वेगवेगळे. सविताचा मी सकाळीच बिनचूक टाकला. विमा कंपनीला कळेल. पण हिचं दुखणं खोटं नव्हतं, हे हिच्या घरी कळवणारा कोड नाही.

“डॉक्टर सांगतील हो,” शिंदेबाई पुटपुटल्या.

मी खुर्ची पुढे ओढली. “बस, सविता.”

ती बसली आहे. गाठ नव्हती, पट्टी होती, हे मला अजून सांगायचं आहे.