कर्जतची घासलेटवाली काकी

घरात पाऊल टाकलं की काकी आधी दिव्याची काच काढायची. पाणी नंतर, बसणं नंतर. काच उजेडाकडे धरायची, एक डोळा मिटायची आणि गलबतावरचा तांडेल दुर्बिणीतून बघतो तशी आत बघायची. मग बोट घालून काजळी पुसायची, ते बोट नाकाशी न्यायची आणि म्हणायची, "तेल आपणहून जळत नाय, बाय. कुणीतरी जाळतंय. कोण, ते सांगा."

आता आमच्याकडे विजेचे दिवे आलेत. महिन्याचं बिल आलं की माझा मुलगा ते हातात धरून घरभर फिरतो. एवढं कसं आलं, एवढं कसं आलं? कुणी पंख्याकडे बोट दाखवतं, कुणी माडीवरच्या दिव्याकडे. तुमच्याही घरी हेच होत असेल. अशा वेळी मला काकीची फार आठवण येते. तिनं कागद बघितलाच नसता. घरातल्या माणसांच्या तोंडांकडे बघितलं असतं.

ती जातीनं तेलीण. सगळं गाव तिला काकीच म्हणायचं. कर्जतच्या बाजारात तिच्या नवऱ्याचा घाणा होता. कशेळ्याच्या वरच्या वाड्यांतल्या ठाकरणी करंजाच्या बिया टोपल्यांतून आणून घालायच्या आणि त्या करंजेलावर अर्ध्या गावाचे दिवे लागायचे. नवरा गेला, मागोमाग घाण्याचा बैलही गेला. त्याच सुमाराला आगगाडीनं घासलेटचे डबे यायला लागले. बाकीचे तेली त्या वासाला नाक मुरडत होते, तेव्हा हिनं पहिला डबा उचलला. जातीचा धंदा बुडवलास म्हणून भावकीनं बोल लावला. काकीचं उत्तर ठरलेलं होतं. "देवाला घाण्याचं, माणसाला डब्याचं. देवाला रातचं काय वाचायचं नसतंय."

कुणी नुसतं 'दोन मापं दे' म्हटलं तर ती देत नसे. दिवे किती, वात केवढी, हे विचारायचीच. पण त्याआधी विचारायची, घरात म्हातारं कोण, तान्हं कोण, तापानं कोण निजलंय. पावसाळ्यात दारं लवकर लागतात, घरात दुपारपासूनच अंधारून येतं, म्हणून आषाढात ती आपणहून माप वाढवायची. सगळं ऐकून झालं की नरसाळं लावायची आणि सांगायची, "हे तुमाला आमोशेपरेंत जाईल." बहुतेक वेळा तेवढं जायचंच. उरलं तरी तिला चैन पडत नसे. का उरलं, ते बघायला यायची.

बाजारातल्या एका सोनाराच्या दुकानात तेल एकाएकी जास्त जायला लागलं. लग्नसराई आहे, काम वाढलंय, असं तो म्हणाला. काकीनं दिवा उचलून त्याचं बूड बघितलं. "चटईच्या काड्या चिकटल्यात रं. दागिने काय चटईवर घडवतोस? सोंगट्या हायत का पत्तं?" सोनाराची बायको पडद्याआड होती. पुढच्या महिन्यापासून तेल पूर्वीइतकंच जायला लागलं.

आणि एका घरी नवी जोडी होती. तिथं सुरुवातीला तेल फार जायचं, मग पार उतरलं. सासू काळजीत पडली, सून काटकसर करून डोळे बिघडवते की काय म्हणून. काकी हसली. "आगं, आधी दोघं भांडत बसायची. आता दिवा लवकर मालवतात. तू गप र्‍हा."

ती चुकत नसे असं मात्र नाही. देवळातल्या नंदादीपाचं तेल संपायला लागलं तेव्हा तिनं चारचौघांत गुरवाचं नाव घेतलं. डोक्याला लावतो म्हणाली, केस बघा कसे चकचकतात. तेल उंदीर पीत होते, वातीसकट. हे कळल्यावर ती सोमवारच्या गर्दीत देवळाच्या मंडपात गुरवासमोर जाऊन बसली आणि सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली, "मी चुकले, बाबा. नाव घेतलं ते चारचौघांत, म्हणून माफी बी चारचौघांत." त्यानंतर स्वतःच्या डोळ्यांनी बघितल्याशिवाय तिनं कुणाचं नाव घेतलं नाही. तिच्या या नेमाचा पुढं मला उपयोग झाला.

आमची स्टेशनाजवळ खानावळ होती. घाट चढायला गाडीला जादा इंजिन लागायचं, तेवढ्या वेळात उतारू जेवून घ्यायचे. खालापूर, खोपोलीकडचे गाडीवान मुक्कामाला असायचे. गिऱ्हाइकाचं यजमान बघायचे, चूल सासूबाईंची. त्यांना मी आत्याबाई म्हणत असे. मी वाढायची, भांडी बघायची. लग्नाला फार वर्षं झाली नव्हती.

त्या साली दसऱ्यानंतर आमचं घासलेट लवकर संपायला लागलं. यजमान आधी काकीवर चिडले, मग माझ्यावर. एकदा पंगत बसलेली असताना मला म्हणाले, "माहेरी दिवाळी बारमाही असेल. इथं दिवा गरजेपुरता लावायचा." गाडीवान खाली माना घालून जेवत होते. माझ्या हातात भाताचं पातेलं होतं. मी वाढत राहिले. मला वाटलं, आत्याबाई काही बोलतील. चूल तर त्यांच्यासमोर होती, कुठला दिवा किती जळतो ते त्यांच्याइतकं कुणाला ठाऊक? त्या बोलल्या नाहीत. ते मला यजमानांच्या बोलण्यापेक्षा जास्त लागलं.

दोन दिवसांनी काकी आली. यजमान ओटीवरच होते. "काकी, खोट तुमच्या मापात हाय, न्हाईतर आमच्या घरात," ते म्हणाले.

"बघितल्याबिगर कसं सांगू?" काकी म्हणाली आणि आत आली.

तिन्हीसांजेची वेळ होती. पंगतीच्या कंदिलांच्या काचा तिनं बघितल्या, त्या स्वच्छ होत्या. माझ्या खोलीतली काच बघितली, तीही स्वच्छ. मग ती स्वयंपाकघराच्या उंबऱ्याशी जाऊन बसली. आत्याबाई तांदूळ निवडत होत्या. त्यांच्यापुढचा दिवा भडकला होता, वात पार वर चढवलेली, काच गळ्यापर्यंत काळी. तेवढ्या उजेडातही त्या खडे बोटांनी चाचपून काढत होत्या. मी मागच्या दाराशी कळशी घेऊन उभी होते, ते दोघींनाही ठाऊक नव्हतं.

काकीनं चंची सोडली, पान लावलं आणि आत्याबाईंपुढे धरलं.

आत्याबाईंनी ते घेतलं नाही. हात तांदळातच चालू राहिला. पान त्यांच्या तोंडापासून वीतभरावर होतं.

काकीनं थोडा वेळ ते तसंच धरून ठेवलं. मग त्यांचा हात उचलून पान तळव्यावर ठेवलं आणि हळू विचारलं, "कवापासून, वयनी?"

आत्याबाईंची मूठ पानावर मिटली. "पावसाळ्यापासनं. धुक्यावानी दिसतं. दिवा मोठा केला की थोडं बरं वाटतं." मग म्हणाल्या, "कुणाला सांगू नको गं. डोळं गेलं म्हटल्यावर चूल काढून घेतील. मग मी या घरात करू काय?"

"मी नाय सांगत," काकी म्हणाली. "पण तुमच्यापायी सून बोल खातेय. ते तुमाला दिसत नसंल, आयकू तर येतंय ना?"

आत्याबाई रडायला लागल्या. आवाज न करता, तोंडात पदर धरून. मनातला राग कुठं ठेवावा ते मला कळेना.

बाहेर येऊन काकीनं यजमानांना सांगितलं, "खोट माझी हाय. या खेपेला रुंद वात दिली मी. जास्तीचं गेलं ते भरून देते. आन् दादा, सूनबायला पंगतीत बोललात, ते मागं घ्या. मी देवळात घेतलं होतं, जीभ झडली नाय माझी." यजमान नुसते हुंकारले. पण त्या संध्याकाळी कंदील भरायला ते स्वतः उठले आणि माझ्याकडे न बघता म्हणाले, "खोलीतल्या दिव्यात तेल कमी हाय का बघ." त्यांच्यापुरती ती माफीच होती.

काकी मागच्या दारानं निघाली तेव्हा मी तिथंच होते. तिनं माझ्याकडे बघितलं, कळशीकडे बघितलं. "तू काय आयकलं नायस," ती म्हणाली आणि गेली.

कार्तिकात साजगावची जत्रा भरते. काकीचा वर्षाचा धंदा त्या जत्रेत व्हायचा. हलवायाच्या पालाला किती तेल, कासाराच्या पालाला किती, सुक्या मासळीवाल्यांना किती, सगळा तिचा अंदाज असायचा. जत्रेत एक सुईवाला वैदू यायचा. डोळ्यांतला मोतीबिंदू सुईनं ढकलून देतो, लगेच दिसायला लागतं, अशी त्याची ख्याती होती. आत्याबाईंनी काकीला गळ घातली, जत्रेला म्हणून मला घेऊन चल, आणि गुपचूप त्याच्याकडे ने.

काकीचं तोंड इतकं उतरलेलं मी कधी पाहिलं नव्हतं. "माझ्या आयसला अशाच एकानं सुई घातली," ती म्हणाली. "थोडं दिवस दिसलं. आमाला सगळ्यांना वळखलं तिनं. मग डोळा पिकला. ती वरडायची ते अजून माझ्या कानात हाय. मी तुमाला तिथं नेणार नाय, वयनी. मुंबयला मोठं इस्पितळ हाय, तिथं डाकतर करतो. पण त्याला लेकाला सांगाया पायजे."

आत्याबाई दोन दिवस चुलीपुढून हलल्या नाहीत. तिसऱ्या दिवशी गिऱ्हाइकं गेल्यावर यजमान जेवायला बसले. मी वाढत होते. आत्याबाई चुलीपासून उठून त्यांच्या समोर येऊन बसल्या.

"तेल मी जाळत होते," त्या म्हणाल्या. "हिनं नाय. मला दिसत नाय."

यजमानांचा घास हातात राहिला. तो ताटात ठेवून त्यांनी विचारलं, "मग आमटीत मीठ कधी चुकलं नाय ते?"

"मीठ काय डोळ्यांनी घालतात रं?" आत्याबाई म्हणाल्या.

यजमान हसले आणि हसता हसताच त्यांनी डाव्या हातानं डोळे पुसले. मी तिथून बाहेर गेले. मायलेकांना थोडा वेळ तसं बसू द्यावं असं वाटलं.

मुंबईला जायचं ठरलं. यजमान पोचवून परत येणार, खानावळ बंद ठेवून चालणार नव्हती. इस्पितळात आत्याबाईंपाशी राहणार कोण? चुलीवर आता मी होते. काकीनं आपणहून सांगितलं, "मी र्‍हाते." नेमके जत्रेचे दिवस होते. यजमानांनी तिला आठवण करून दिली. ती म्हणाली, "जत्रा पुढल्या सालाला बी भरल. पालवाल्यांना काय, दुसरा कुणी तेल देईल." तिच्या जागी दुसरा उभा राहिला तो पुढच्या वर्षीही हलला नाही. पण ते काकीनं आमच्याकडे कधी काढलं नाही.

त्या दोघी परत आल्या तेव्हा आत्याबाईंच्या एका डोळ्यावर हिरवी पट्टी होती. एकाच डोळ्याचं काम झालं होतं. आपल्या घरात पंक्तिभेद पाळणाऱ्या आत्याबाई इस्पितळात काकीच्या हातचं जेवल्या होत्या, एकाच ताटलीतून. हे काकीनंच मला हळूच सांगितलं. "घरी बोलू नकोस हां. पर जेवण करताना म्हनत होत्या, मीठ कमी हाय."

पट्टी सुटली, मग जाड भिंगाचा चष्मा आला. पहिल्या दिवशी आत्याबाई घरभर फिरल्या, भांडी बघितली, जळमटं बघितली, यजमानांचे कानाजवळचे पांढरे केस बघितले. मग माझा हात धरून दिव्याशी नेला. मनगटावर भाजल्याचा जुना डाग होता.

"हे कधी?"

"मागल्या श्रावणात. तुमच्याच शेजारी बसले होते, आत्याबाई."

त्या डागावरून अंगठा फिरवत राहिल्या. त्या दिवसापासून रात्रीची चूल त्यांनी मला दिली, सकाळची स्वतःकडे ठेवली. काकी आली की तिला आता स्वयंपाकघरात पाट मिळायचा. त्यावर गावात थोडी कुजबुज झाली. आत्याबाई म्हणाल्या, मला एकाच डोळ्यानं दिसतं, तेवढ्यात हे बसत नाही.

पुढं घासलेट गल्लोगल्ली मिळायला लागलं. माणसं डबा घेऊन दुकानात जायची, सांगेल तेवढं माप मिळायचं, कोण आजारी आहे हे कुणी विचारत नसे. काकीचे गुडघेही धरले होते. कशेळ्याला तिची लेक दिली होती, तिनं बोलावून घेतलं. तिथंच दोन-तीन पावसाळ्यांनी ती गेली. आम्हाला निरोप मिळाला तेव्हा दहावा होऊन गेला होता.

ती कर्जतहून निघाली ती सकाळ मला दिसते. लेकीच्या घरची बैलगाडी आली होती. सामान थोडंच होतं, एक वळकटी आणि दोन भांडी. आत्याबाई ओटीच्या कडेला उभ्या राहिल्या, खांब धरून. मी त्यांच्या शेजारी होते. गाडी हलली आणि मला समोरचं काही दिसेनासं झालं. डोळे भरून आले होते.

आत्याबाई चष्मा सावरून बघत होत्या आणि मला सांगत होत्या. "पाठमोरी बसलीय. पदर डोक्यावरनं घेतला. आता कोण भेटलं गं तिला, गाडी थांबली... हां, निघाली. हात काय करत नाय बघ, मोठी खट हाय. आता झाडाखाली गेली."

मग मान उंचावून म्हणाल्या, "अजून दिसतीय."