बेपत्ता नवऱ्यासाठी अर्ज

डोकेदुखीच्या बामचा वास आला की लोणी काळभोरहून कर्वेनगरच्या माझ्या वकिली ऑफिसात आलेल्या त्या सासू-सुना आठवतात. फसवणुकीच्या गुन्ह्यात हव्या असलेल्या नवऱ्याला पोलिसांनी परस्पर उचलून डांबलंय, हायकोर्टात हेबियस कॉर्पसचा अर्ज करून त्याला हजर करायला लावा, असं सून रडत सांगत होती. मला ते रडणं खरं वाटेना. "अहो, तो परदेशी पळाला नाही कशावरून?" मी विचारलं. कपाळाला बाम चोळत सासू बोलून गेली, "तिकडं लय थंडी हाय म्हनतो, आन् स्वेटरबी न्हेला न्हाई त्यानं." सुनेचं रडणं थांबलं. "आई, तुमाला फोन करत्यात ते?" तिनं हळूच विचारलं. सासूनं मान खाली घातली. अर्ज अर्थातच झाला नाही. आजही कुणी असा अर्ज करायला आलं की रडणाऱ्यापेक्षा त्याच्यासोबत गप्प बसलेल्या माणसाकडे मी आधी बघतो.