वीणेचा पहारा

लातूर नुकताच वेगळा जिल्हा झाला होता. जिल्हा नवा झाला, पण विहिरी जुन्याच, अन् त्याही कोरड्या. म्हणून जळकोटाकडच्या आमच्या गावानं महादेवाच्या देवळात शिवनामाचा सप्ता मांडला. सात दिवस वीणा जमिनीला टेकवायची नाही अन् नाव तोडायचं नाही. एकाच्या गळ्यातून ती दुसऱ्याच्या गळ्यात जायची. तुटलं तर पाऊस गेलाच समजा, असं भजनी मंडळीच्या बुवांनी बजावलं होतं. मी आधीच भित्री, त्यात माहेरी कधी वीणा धरलेली नव्हती.

पाचव्या दिवशी दुपारचा पहारा माझा होता. तेवढ्यात टँकर आला, अन् टाळकरणींनी टाळ ठेवून घागरी उचलल्या. टँकर विहिरीत पाणी ओतायचा, मग सगळं गाव दोर घेऊन काठावर. सासूबाईंचं बोट धरून माझी चार वर्षांची लेकही गेली. देवळात मी एकटीच "ॐ नमः शिवाय" म्हणत उभी.

अन् ओरडा आला, "पोरगी पडली हिरीत!"

कुणाची? वीणा खाली ठेवावी तर अख्ख्या गावाचा पाऊस माझ्या माथी. पण माझी लेक? मेला तो पाऊस! गळ्यातल्या वीणेसकट मी पळत सुटले. तोंडात शिवाचं नाव होतं कुठलं! विहिरीपर्यंत मी लेकीलाच हाका मारत होते.

माझीच होती. खाली नुकतंच ओतलेलं कमरेएवढं पाणी होतं म्हणून वाचली. कुणीतरी उडी टाकून तिला वर काढलं होतं, अन् सासूबाईंच्या मांडीवर ती खोकत होती. मी तिला घ्यायला वाकले, तशा सासूबाई किंचाळल्या, "अगं, वीणा टेकंल!" मी तशीच अर्धी वाकून रडत राहिले.

बुवा धापा टाकत आले. "नाव तुटलं का गं?"

मी खरं सांगायला तोंड उघडलं, तोच सासूबाई बोलल्या, "न्हाई बुवा. ॐ नमः शिवाय म्हणतच आली. म्या कानानं ऐकलं की." गळ्यातल्या इष्टलिंगावर त्यांचा हात होता. ही बाई जन्मात कधी खोटं बोलली नव्हती.

त्या साली पाऊस पडलाच नाही. टँकरच्या रांगेत बायका म्हणायच्या, सप्त्यात कुणाचं तरी चुकलं असंल. ते कानावर आलं, की आम्ही दोघी रिकाम्या घागरी घेऊन रांगेतून निघायचो, अन् घरापर्यंत एकमेकींकडं बघायचो नाही.