बांधावरच्या रोपाला भावाचे नाव

माझ्या आईने मला आजवर नावाने हाक मारलेली नाही. माझे नाव आजोबांचे आहे. ते वारले आणि पुढच्या वर्षी मी जन्मलो, तेव्हा त्यांचे नाव मला मिळाले. सासऱ्याचे नाव तोंडाने घ्यायचे नाही, म्हणून आई मला 'आरं' एवढेच म्हणते. आमच्या घरात नावे अशीच फिरतात. माणूस गेला की त्याचे नाव मोकळे होते. तो जिवंत असताना त्याचे नाव कुणाला देत नाहीत, कारण मग त्याला जायची घाई केल्यासारखे दिसते. हे मला लहानपणापासून ठाऊक होते. वनस्पतिशास्त्रालाही ते लागू पडेल, हे मात्र सुचले नाही.

मी तेव्हा सांगलीला इंटर सायन्सच्या वर्गात होतो. आमचे गाव आष्ट्याजवळ. घरातून कॉलेजात गेलेला मी पहिलाच. थोरला भाऊ पलटणीत होता. त्याच्या पगारावर माझे शिक्षण चालले होते आणि तो दुसऱ्या महायुद्धात समुद्रापलीकडे कुठेतरी लढत होता. कुठे, ते पत्रात लिहिण्याची परवानगी नव्हती. त्या वर्षी पाऊस सुरू झाल्यापासून त्याचे पत्रही आले नव्हते. घरात हा विषय कुणी काढत नसे.

आम्हाला वनस्पतिशास्त्र शिकवणारे सर वाईचे होते. ते फार सावकाश बोलत. झाडाचे शास्त्रीय नाव दोन शब्दांचे असते आणि त्यातला दुसरा शब्द पुष्कळदा एखाद्या माणसाच्या मानार्थ ठेवलेला असतो, असे त्यांनी एकदा सांगितले. आपल्या डोंगरांतल्या कितीतरी झाडांना पलटणीतल्या डॉक्टरांची, कलेक्टरांची, जंगलखात्यातल्या साहेबांची नावे आहेत. मात्र आपण शोधलेल्या झाडाला आपलेच नाव देणे शिष्टसंमत नाही, ते दुसऱ्याने द्यावे. मी हे सगळे उतरवून घेतले. मी सगळेच उतरवून घेत असे.

गणपतीच्या सुट्टीत घरी गेलो, तेव्हा आईबरोबर भुईमुगाची भांगलण करताना, म्हणजे खुरप्याने तण काढताना, बांधावर एक रोप दिसले. गुडघ्याएवढे, काडीसारखे, आणि त्याला जांभळट रंगाचे, लहानशा कंदिलाच्या आकाराचे फूल. आमच्या गावात त्याला नाव नव्हते. आई त्याला गवत म्हणाली. पण आई पिकाखेरीज सगळ्यालाच गवत म्हणते. तशी तीनचार रोपे होती. त्यातले एक मी कंदासकट उकरले, ओल्या फडक्यात गुंडाळले आणि कोळशाच्या गॅसवर चालणाऱ्या सर्व्हिस मोटारीतून मांडीवर ठेवून सांगलीला नेले. शेजारच्या माणसाने विचारले, "काय औषाद हाय का?" मी म्हणालो, माहीत नाही. तो म्हणाला, "मग लय जपून नेताय की!"

सरांनी भिंगातून बराच वेळ पाहिले. मग जुन्या वर्तमानपत्रात दाबून ठेवण्यापूर्वी पुन्हा पाहिले.

"मी खात्रीने काही सांगत नाही," ते म्हणाले. "पण हे कुठल्याच वर्णनात बसत नाही. नमुना पुण्याला तज्ज्ञांकडे पाठवू. नवे निघाले तर मी वर्णन लिहीन आणि तुमचे नाव देईन."

मी विचारले, "सर, दुसऱ्या कुणाचे चालेल का?"

"कुणाचे?"

"थोरल्या भावाचे. तो शिकला नाही, म्हणून मी शिकतोय."

"त्यांना वनस्पतींची आवड आहे का?"

"त्याने भांगलण पुष्कळ केली आहे," मी म्हणालो.

सरांनी थोडा विचार केला. मग चिठ्ठीवर भावाचे नाव लिहिले, त्याला लॅटिन शेपूट जोडले आणि ती चिठ्ठी नमुन्याबरोबर पुण्याला गेली. भावासाठी मी प्रथमच काहीतरी केले, असे मला त्या दिवशी वाटले.

दिवाळीला घरी गेलो, तेव्हा आई चुलीपुढे भाकरी थापत होती. वडील नुकतेच रानातून आले होते. मी सांगितले, "त्या बांधावरच्या रोपाला थोरल्याचे नाव दिले."

आईचे हात थांबले. "कुणाचं?"

"थोरल्याचं."

"का?"

"त्याच्या मानासाठी," मी म्हणालो. "पुण्याला कळवलंय. आता ते नाव कायम राहणार. कधीच पुसलं जाणार नाही."

आईने परातीतले पीठ तसेच ठेवले आणि हंबरडा फोडला.

मला काही कळेना. वडील मात्र जागचे हलले नाहीत. त्यांनी अगदी खालच्या आवाजात विचारले, "कवा कळालं तुला?"

तोवर शेजारच्या बायका आल्या होत्या. एकीने आईला कवेत धरले. भाऊ गेला, कॉलेजात आधी कळले, आणि ह्याला सांगवेना म्हणून हा झाडाचे निमित्त करतो आहे, अशी बातमी गल्लीत पोहोचली होती. चूल कुणीतरी विझवली. मी सगळ्यांना सांगत होतो की भाऊ जिवंत आहे. पण तसे सांगायला माझ्याजवळ काही पुरावा नव्हता, आणि पुरावा नाही हे आम्हा सगळ्यांना ठाऊक होते.

शेवटी गल्लीतले, पलटणीतून पेन्शनीत निघालेले हवालदार आले. मागच्या लढाईत त्यांचा एक कान गेला होता.

"तार आली का?" त्यांनी मोठ्याने विचारले.

"न्हाई," वडील म्हणाले.

"मग रडताय कशापाय? सरकार तार घरी धाडतं. कालेजात झाडाला न्हाई कळवत."

हे सगळ्यांना पटले. आईला अर्धेच पटले. बायका गेल्यावर तिने डोळे पुसून मला विचारले, "त्या सायबांच्यात जित्या माणसाचं नाव ठिवत्यात?"

"व्हय."

"आन मग ती माणसं मरत्यात का?"

"मरतात," मी म्हणालो. "पण ती नावामुळं नाही."

हे उत्तर मी जरा वेगळे द्यायला हवे होते.

"नाव परत आण," आई म्हणाली. "त्येच्याबिगर मला भाकर गोड लागायची न्हाई."

दिवाळी संपताच वडील माझ्याबरोबर सांगलीला सरांच्या घरी आले. बरोबर गुळाचा रवा, म्हणजे लहान ढेप, घेतला होता. सर दारात आले, तसे वडील म्हणाले, "आवं मास्तर, आमच्या पोराचं नाव परत द्या."

सरांनी त्यांना खुर्चीवर बसवले, पण वडील जमिनीवर बसले. मग सरही जमिनीवर बसले. मी सगळी हकीकत सांगितली. सर हसले नाहीत, त्याबद्दल मी त्यांचा आजही ऋणी आहे.

"नाव अजून लागलेले नाही," ते म्हणाले. "वर्णनासकट छापून येईपर्यंत शास्त्रात ते नाव धरत नाहीत. आज ते फक्त चिठ्ठीवर आहे."

"म्हंजी बारसं व्हायचंय?"

"हो. तसेच."

"मग थांबवा."

"थांबवतो. पण रोप नवे निघाले तर काहीतरी नाव द्यावे लागेल. तुमच्या गावाचे देऊ का?"

वडिलांनी विचार केला. "गावात बी माणसंच ऱ्हात्यात की," ते म्हणाले.

सरांनी आमच्यासमोर पुण्याला पत्र लिहिले. वडिलांनी ते मला वाचायला लावले, आणि भावाचे नाव खोडल्याचे ऐकून गुळाचा रवा टेबलावर ठेवला.

मी आईला हे सांगितले. ती जेवू लागली. पण त्याच सुमाराला बांधावरची रोपे वाळू लागली. थंडीत ती वाळतातच. आई मला बांधावर घेऊन गेली आणि नुसती बघत उभी राहिली.

"खाली कंद जिता हाय," मी म्हणालो.

"खणून बगू?"

"नको. खणला तर मरंल."

तिने त्यातल्या एका रोपाभोवती दगड मांडले आणि तिथे कुणाला पाय ठेवू दिला नाही. नाव परत घेतले असले तरी एकदा ते त्या रोपाला दिले गेले होते, असे तिचे म्हणणे असावे. मी विचारले नाही.

पुण्याचे उत्तर उन्हाळ्यापूर्वी आले. रोप नवे नव्हते. फार मागेच कुणी त्याचे वर्णन केले होते आणि ते एका डॉक्टर साहेबाच्या नावाने ओळखले जात होते. सरांना वाईट वाटले. मलाही थोडे वाटले. आईने विचारले, "त्यो सायेब हाय का गेला?"

"कवाच गेला."

"मग बराबर हाय," ती म्हणाली.

भावाचे पत्र त्यानंतर आले. तो दवाखान्यात पडून होता, पायाला लागले होते, आता बरा होता. लढाई संपल्यावर पुढच्या पावसाळ्यात तो लंगडत घरी आला. मी त्याला बांधावर नेऊन रोप दाखवले. फूल आले होते. तो बांधावर बसला आणि त्याने वाकून पाहिले.

"ह्येला माझं नाव देनार हुतास?"

"हो."

"येवढा मोठा ऊस हुभा हाय, त्यो दिसला न्हाई व्हय रं तुला?"

मागून आई खुरपे घेऊन आली. तिने दगड एकेक करून बांधाखाली टाकले, रोप बुडापासून कापले आणि बाकीच्या गवताबरोबर पाटीत टाकले. मग भाऊ बसला होता तिथपर्यंतचा सगळा बांध तिने साफ केला, आणि त्याला म्हणाली, "जरा सरक."