सोमवारची गोळी

तीर्थातल्या तुळशीचा वास आला की मला थोरली जाऊ आठवते. ठिसूळ हाडांसाठी डॉक्टरांनी तिला दर सोमवारी एक गोळी दिली होती. ती उपाशीपोटी गिलासभर पाण्यानं घ्यायची आणि नंतर अर्धा तास आडवं व्हायचं नाही. एका सोमवारी तिची निर्जळी एकादशी आली. मी म्हटलं, "आक्का, उद्या घ्या मंग." ती म्हणाली, "गप बस. वारबी मोडायचा न्हाई अन् उपासबी न्हाई." पळीभर तीर्थाबरोबर गोळी गिळून ती आडवी झाली. गोळी अन्ननलिकेत अडकली, आतून भाजलं, आणि डॉक्टरांनी गोळी बंद केली. पुढं न्हाणीत पडून तिचा खुबा मोडला, ती अंथरुणातून उठलीच नाही. आता तीच गोळी मला आहे. मी सगळं बराबर करते, तरी पाठ वाकतच चालली आहे.