हजेरीबुकातली दुसरी ओळ

"आधी तुम्ही," असं म्हणून ते बाजूला व्हायचे. दार असो, पाण्याचा माठ असो, चहाची किटली असो. दोन बोटांनी धोतराचा सोगा उचलून पाऊलभर मागे सरायचे आणि समोरचा हलेपर्यंत तसेच उभे राहायचे. पनवेलच्या आमच्या सरकारी कचेरीत त्यांना तुम्ही पाहिलं असतंत, तर माझ्यासारखेच गालात हसला असतात.

या सवयीनंच त्यांचा घात केला. स्वातंत्र्यानंतर वर्षभरातली गोष्ट. नोकरीच्या पहिल्या दिवशी ते नेरे गावाहून चालत, सगळ्यांच्या आधी येऊन बाकावर बसले होते. त्याच दिवशी लागलेला दुसरा कारकून मागून धापा टाकत आला. नवं हजेरीबुक माझ्या टेबलावर होतं; मी तिथला टायपिस्ट. यांनी टाक शाईत बुडवला आणि त्याच्यापुढे धरला. "आधी तुम्ही." त्याची सही पहिल्या ओळीत, यांची दुसऱ्या, टायपिस्ट म्हणून माझी तिसऱ्या.

पंधरा वर्षांनी अव्वल कारकुनाची एकच जागा निघाली. दोघे एकाच दिवशी लागलेले, मग ज्येष्ठ कोण? साहेबांनी जुनं हजेरीबुक काढलं, वरचं नाव वाचलं आणि त्याला बढती देऊन मोकळे झाले.

आणि मुंगीलाही वाट देणारा हा माणूस चक्क अलिबागच्या कोर्टात गेला! कचेरी हबकली. दुसऱ्या दिवसापासून त्यांच्याशी कोणी बोलेना. डबा खाताना ते बाकावर एकटेच असत. मीही खिडकीकडे तोंड करून जेवायचो. फक्त आमचा कोन गावचा म्हातारा शिपाई त्यांना पाणी नेऊन द्यायचा.

"भाऊसाहेब, सायबांशी भांडून काय गावनार हाय तुमाला?"

"जागा राहू दे रे. मी आधी आलो होतो, एवढं कुणीतरी सांगावं."

ते सांगू शकणारा मी एकटाच होतो. कोर्टात वकिलानं विचारलं, त्या दिवशी आधी कोण आलं? समोर नवा अव्वल कारकून बसला होता. माझा वार्षिक शेरा आता त्याच्या हातात होता.

"मला आठवत नाही," मी म्हणालो. त्याची लाज मला अजून वाटते.

संध्याकाळी पनवेलला जाणाऱ्या शेवटच्या एसटीच्या दाराशी ते आणि मी दोघेच उरलो.

"येकच जागा हाय! कोन येतंय?" कंडक्टर ओरडला.

मी मान खाली घातली. सोगा वर उचललेला दिसला, चपला पाऊलभर मागे सरल्या.

"आधी तुम्ही."

मी चढलो. जागा खिडकीची होती, पण मी बाहेर पाहिलं नाही.

ते परत कचेरीत आले नाहीत. दावा फेटाळला गेला, राजीनामा टपालानं आला. हजेरीबुकातली त्यांची ओळ महिनाभर कोरी राहिली. तिच्याच खाली मी रोज सही करायचो.