माइकबाईंनी न घेतलेलं नाव

माइकबाई कोणाच्याही बोलण्यावर विश्वास ठेवत नसत. नळाला पाणी आलंय म्हणून सांगितलं, तरी "कोणी पाहिलं?" असं विचारून मगच कळशी उचलत. ठाकूरद्वारच्या आमच्या चाळीत तिसऱ्या मजल्यावर त्या आणि त्यांची म्हातारी आई, एवढंच बिऱ्हाड. फोर्टातल्या हॉटेलांत साबण-कापडाच्या कंपन्या सौंदर्यस्पर्धा भरवत. तिथे माइकवरून मुलींची ओळख करून द्यायची आणि शेवटी निकाल सांगायचा, हे त्यांचं काम.

त्या कामानंच त्यांना संशयी केलं होतं. माझ्या आईला एकदा म्हणाल्या, "निकाल सांगितला की सगळे जिंकलेल्या मुलीकडे बघतात, वहिनी. मी बाकीच्यांकडे बघते. ज्याला नवल वाटत नाही, त्याला आधीच ठाऊक असतं."

चाळीला त्यांचा संशय येई तो वेगळ्या कारणानं. संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्याचे दिवस होते. चाळीतली मुलं पत्रकं वाटत. दोनदा पोलीस आले ते नेमके पत्रकं ठेवलेल्या खोलीतच शिरले आणि दोन मुलांना घेऊन गेले. आतलंच कोणीतरी बातमी देत होतं. बाई संध्याकाळी रेशमी साडी नेसून टॅक्सीनं जात; मुंबई महाराष्ट्राला मिळू नये म्हणणारे शेटजी त्यांच्या कार्यक्रमांना पुढच्या रांगेत बसत. चाळीत छत्तीस बिऱ्हाडं. पस्तिसांनी मिळून संशय छत्तिसाव्यावर ठेवला. इतका सोपा हिशेब सहसा बरोबर नसतो.

चाळ कमिटीचे सेक्रेटरी दामूअण्णा मालकाला सांगून बाईंची खोली खाली करवणार होते. त्याआधी पुरावा हवा, म्हणून त्यांनी बाईंना जिन्यात गाठलं आणि हळूच सांगितलं, "गुरुवारी रात्री आठ वाजता माझ्या खोलीत गुप्त बैठक आहे, कुठे बोलू नका." बैठक नव्हतीच. पोलीस आले, की चोर सापडला.

बाईंनी क्षणभर त्यांचं तोंड न्याहाळलं. मग वर गेल्या, गॅलरीच्या कठड्याशी उभ्या राहिल्या आणि स्पर्धेतल्या आवाजात तिन्ही मजल्यांना ऐकवलं, "गुरुवारी रात्री आठ वाजता दामूअण्णांच्या खोलीत गुप्त बैठक आहे. सर्वांनी अगत्य यावं."

गुरुवारी गंमत बघायला सगळी चाळ लोटली. बायका भाजी निवडायला घेऊन आल्या. अण्णांच्या घरातली साखर चहातच संपली. तेवढ्यात दारात हवालदार आणि दोन शिपाई उभे. हवालदारानं गवारीच्या शेंगांचं सूप उचकून पाहिलं आणि वरमून निघून गेला. आम्ही सगळे दाराकडे बघत होतो. बाई तेवढ्या आमच्याकडे बघत होत्या, एकेकाकडे, सावकाश.

"यांनीच कळवलं नसेल कशावरून?" अण्णा पुटपुटले.

"कळवायचं असतं, तर गॅलरीतून ओरडल्या असत्या का हो?" आई म्हणाली.

खोली खाली करण्याची गोष्ट पुन्हा निघाली नाही. बाईंवरचा संशय तेवढा उरलेल्या पस्तीस बिऱ्हाडांत वाटला गेला. लोक दारं लोटून बोलू लागले. शेवटी आईनं बाईंना विचारलंच, की तुम्हाला कळलंय ना कोण ते?

"कळलंय," बाई म्हणाल्या. "पण वहिनी, त्यालाही बायकामुलं आहेत. चाळ त्याला जिवंत ठेवणार नाही. हे नाव मी घेणार नाही."

त्यानंतर वर्षभरात त्या आपण होऊन दादरला राहायला गेल्या. पुढे मुंबईत टेलिव्हिजन आला, तेव्हा पहिल्यावहिल्या चेहऱ्यांत बाईंचा चेहरा होता. छोट्या नाटिकांतून कामं करत, स्पर्धांचे निकाल सांगत. केस पिकले होते, आवाज तोच. चाळीत पहिला सेट दामूअण्णांकडे आला. आम्ही जुनी माणसं अजून तिथे जमतो, बाईंचं भरभरून कौतुक करतो. स्पर्धा संपते, बाई माइक हातात घेतात, समोर बघत नाव उच्चारण्याआधी जराशा थांबतात. तेवढा वेळ अण्णांच्या खोलीत कोणी कोणाकडे बघत नाही.